पीएच.डी.चा लाभ पगारात कसा येतो: नव्या सहायक प्राध्यापकांसाठी

"सर, पीएच.डी. झाली. आता तीन वेतनवाढी कधी लागतील?" दरवर्षी कुणीतरी नवीन सहकारी हा प्रश्न घेऊन येतो. चेहऱ्यावर पाच-सहा वर्षांच्या कष्टांचं समाधान असतं, आणि मला आधी वाईट बातमी सांगावी लागते. त्या तीन वेतनवाढी आता नाहीत. लाभ मात्र आहे, चांगला घसघशीत आहे आणि हक्काचा आहे. फक्त तो वेगळ्या दाराने येतो आणि त्या दारावर तुम्हालाच जाऊन उभं राहावं लागतं.

हा लेख महाराष्ट्रातल्या अनुदानित वरिष्ठ महाविद्यालयांत पूर्णवेळ, मान्य पदावर रुजू झालेल्या सहायक प्राध्यापकांसाठी आहे. मी स्वतः या वाटेने गेलो, एकदा फाइल परत आली, पुन्हा पाठवली. तुमची फाइल परत येऊ नये म्हणून हे लिहितो आहे.

१. ऐकीव गोष्टी बाजूला ठेवा, तुम्हाला कोणता नियम लागू आहे ते बघा

गोंधळाचं मूळ असं आहे. सहाव्या वेतन आयोगाच्या काळात पीएच.डी. घेऊन नोकरीत येणाऱ्याला पाच आगाऊ वेतनवाढी मिळत आणि नोकरीत असताना पीएच.डी. करणाऱ्याला तीन. एम.फिल.ला प्रवेशाच्या वेळी दोन, सेवेत असताना केल्यास एक. या वेतनवाढी चक्रवाढ नसलेल्या होत्या. तुमचे ज्येष्ठ सहकारी सांगतात ते त्यांच्या काळापुरतं अगदी खरं आहे.

सातव्या वेतन आयोगात हे बदललं. केंद्राच्या २ नोव्हेंबर २०१७ च्या पत्राने आगाऊ वेतनवाढी बंद झाल्या. कारण असं दिलं की उच्च पदवीचा लाभ आता वेतनरचनेतच गुंफला आहे, म्हणजे पीएच.डी. असलेला माणूस पदोन्नतीच्या पायऱ्या लवकर चढेल. त्यानंतर १८ जुलै २०१८ ला विद्यापीठ अनुदान आयोगाचे विनियम आले आणि महाराष्ट्र शासनाने ८ मार्च २०१९ च्या शासन निर्णयाने सातवा वेतन आयोग प्राध्यापकांना लागू केला. विद्यापीठ अनुदान आयोगाचे विनियम तुम्हाला उपयोगी पडतात ते राज्याने स्वीकारले म्हणून. त्यामुळे अर्जात संदर्भ देताना विनियम आणि शासन निर्णय दोन्ही लिहा.

आजचा नियम थोडक्यात असा. सहायक प्राध्यापकाचा पगार शैक्षणिक स्तर १० वर सुरू होतो. तिथून स्तर ११ वर जायला पीएच.डी. असेल तर चार वर्षांची सेवा लागते. एम.फिल. किंवा एलएल.एम., एम.टेक. यांसारखी व्यावसायिक पदव्युत्तर पदवी असेल तर पाच, आणि यापैकी काहीच नसेल तर सहा. ठरावीक सेवेनंतर वरच्या स्तरावर जाण्याच्या या योजनेलाच आपण कॅस (करिअर अ‍ॅडव्हान्समेंट स्कीम) म्हणतो, कागदावर स्थाननिश्चिती.

एम.फिल.बद्दल एक इशारा. २०२२ च्या पीएच.डी. विनियमांनंतर ही पदवी बंद झाली आहे. आधी मिळवलेली चालते. पण आज कुणी तुम्हाला एम.फिल.ला प्रवेश देत असेल तर पैसे आणि वर्षं दोन्ही वाया जातील.

२. हिशेब करून बघा, म्हणजे किती पणाला लागलं आहे ते कळेल

स्तर १० चं सुरुवातीचं मूळ वेतन ५७,७००. वेतनवाढ दर वर्षाच्या शेवटी पडते असं सोयीसाठी धरू. प्रत्यक्षात ती १ जानेवारी किंवा १ जुलैला पडते, त्यामुळे तुमचे आकडे थोडे इकडेतिकडे होतील.

चार वर्षांनी मूळ वेतन ६४,९०० होतं. पीएच.डी. असलेल्याची स्थाननिश्चिती तिथे होते. आधी जुन्या स्तरात एक काल्पनिक वेतनवाढ देऊन ६६,८०० धरतात. ही रक्कम वेतन तक्त्यातल्या स्तर ११ च्या पहिल्या चौकटीपेक्षा, म्हणजे त्या स्तराच्या सुरुवातीच्या वेतनापेक्षा कमी आहे, म्हणून वेतन थेट ६८,९०० वर जातं. पाचव्या वर्षाअखेर ७१,०००, सहाव्या वर्षाअखेर ७३,१००.

पीएच.डी. नसलेला सहकारी चौथ्या वर्षाअखेर ६४,९०० वर, पाचव्या अखेर ६६,८०० वर. सहा वर्षांनी त्याची स्थाननिश्चिती होते आणि तो ७१,००० वर येतो.

म्हणजे पहिल्या वर्षी दरमहा ४,००० चा फरक, दुसऱ्या वर्षी ४,२०० चा. दोन वर्षांत नुसत्या मूळ वेतनात ९८,४०० रुपये. महागाई भत्ता आणि घरभाडे भत्ता त्यावर वेगळा. पुढे २,१०० चा फरक राहतो, आणि स्तर १२ ही तुम्ही दोन वर्षं आधी गाठता.

खरा मोठा टप्पा मात्र पुढे आहे. स्तर ११ वर पाच वर्षं झाली की स्तर १२, आणि स्तर १२ वर तीन वर्षं झाली की सहयोगी प्राध्यापक, म्हणजे स्तर १३ए. तिथे पीएच.डी. अनिवार्य आहे, कितीही वर्षं शिकवलं तरी तिला पर्याय नाही. वरच्याच हिशेबाने चालणारा माणूस बाराव्या वर्षाअखेर ९२,५०० वर असतो आणि सहयोगी प्राध्यापक होताच १,३१,४०० वर जातो. नोकरी लागल्यावर "बघू पुढे" म्हणून पीएच.डी. लांबवणाऱ्यांना मी हा एकच आकडा दाखवतो.

३. पीएच.डी. करत असतानाच सांभाळायच्या गोष्टी

नोंदणी करण्याआधी संस्थेकडून लेखी ना-हरकत प्रमाणपत्र घ्या. प्राचार्यांनी तोंडी "करा की" म्हटलेलं फाइलमध्ये लावता येत नाही. नोंदणीचं पत्र, अभ्यासक्रम पूर्ण केल्याचं म्हणजे कोर्सवर्कचं प्रमाणपत्र, विषय किंवा मार्गदर्शक बदलला असेल तर ते पत्र, सगळं एकाच ठिकाणी ठेवा. तुमची पीएच.डी. आयोगाच्या विनियमांनुसार झाली आहे असं प्रमाणपत्र विद्यापीठाकडून मिळतं. तेही तोंडी परीक्षेच्या धामधुमीतच मागून घ्या. दोन वर्षांनी मागायला गेलात तर तीच माणसं त्या टेबलावर असतील याची खात्री नाही.

रजेचा मुद्दा नीट समजून घ्या. कोणतीही रजा न घेता, तास घेत घेत केलेलं संशोधन असेल तर तो काळ अध्यापनाच्या अनुभवात धरला जातो. अभ्यास रजा घेणार असाल तर ती सेवेत कशी मोजली जाणार हे मंजुरीच्या आदेशातच लिहून घ्या.

४. प्रशिक्षण पीएच.डी.च्या आधी उरका

चांगली हुशार मुलं इथेच अडकतात. पीएच.डी. हातात असते, चार वर्षंही झालेली असतात, पण उद्बोधन वर्ग (ओरिएंटेशन) राहिलेला असतो. पात्रतेच्या सगळ्या अटी ज्या दिवशी पूर्ण होतात त्या दिवसापासूनच लाभ मिळतो. उद्बोधन वर्ग दीड वर्षाने केला तर पीएच.डी.मुळे वाचलेली दोनपैकी दीड वर्षं तिथेच गेली.

स्तर ११ साठी २१ दिवसांचा उद्बोधन वर्ग लागतो. नव्या लोकांसाठी गुरुदक्षता हा प्रवेशोत्तर प्रशिक्षणक्रम त्याच्या जागी चालतो. शिवाय उजळणी वर्ग (रिफ्रेशर) किंवा संशोधनपद्धतीचा वर्ग हवा. ते जमत नसेल तर किमान आठवडाभराच्या दोन कार्यशाळा किंवा प्राध्यापक विकास कार्यक्रम, नाहीतर प्रमाणपत्रासह एक 'मूक' (MOOC), म्हणजे ऑनलाइन खुला अभ्यासक्रमही चालतो. हे वर्ग पूर्वी मानव संसाधन विकास केंद्रांत होत. आता त्याच केंद्रांना मालवीय मिशन शिक्षक प्रशिक्षण केंद्र म्हणतात, त्यामुळे जुनं नाव शोधत बसू नका.

माझा सल्ला असा की रुजू झाल्यावर पहिल्या दोन वर्षांत हे संपवून टाका. प्राचार्य वेळापत्रकाची अडचण सांगतील, ती खरीही असेल. तरी अर्ज लेखी द्या आणि पोच घ्या.

५. दरवर्षीचा स्व-मूल्यमापन अहवाल दरवर्षीच भरा

चार वर्षांच्या सेवेवर अर्ज करताना शेवटच्या चारपैकी किमान तीन वर्षांचा शेरा "समाधानकारक" किंवा "चांगला" असावा लागतो. नेमून दिलेल्या तासांपैकी ८० टक्के किंवा अधिक घेतले तर "चांगला", ७० ते ८० मध्ये "समाधानकारक". ७० च्या खाली गेलात तर ते वर्ष हातचं गेलं. तासांखेरीज परीक्षा, विद्यार्थी उपक्रम, समित्या, संशोधन यांतली कामंही मोजतात.

चार वर्षांचे अहवाल एका रात्रीत भरणारे मी पाहिले आहेत. एकाच शाईत, एकाच हस्ताक्षरात, आणि तासांचे आकडे वेळापत्रकाशी न जुळणारे. तपासणाऱ्याला ते दोन मिनिटांत कळतं. मे महिन्यात, सत्र संपल्याच्या आठवड्यात अहवाल भरा, आयक्यूएसी (अंतर्गत गुणवत्ता हमी कक्ष) समन्वयकाची आणि प्राचार्यांची सही घ्या, झेरॉक्स घरी ठेवा.

६. कोणती तारीख खरी, हे ठरवून घ्या

माझी फाइल परत आली ती यामुळे. तोंडी परीक्षा जूनमध्ये झाली, तीन आठवड्यांनी विद्यापीठाची अधिसूचना निघाली. दीक्षांत समारंभ मात्र पुढच्या फेब्रुवारीत. मला वाटलं, पदवीचं सोनेरी अक्षरांचं प्रमाणपत्र हाच मोठा पुरावा, आणि मी फक्त तेच जोडलं. त्यावर तारीख दीक्षांत समारंभाची होती. कार्यालयाने साहजिकच तीच धरली. फाइलला टाचणीने लावलेली पिवळी चिठ्ठी अजून आठवते: "पात्रता दिनांकाचा पुरावा नाही. त्रुटी पूर्तता करावी." तिथे कुणाची चूक नव्हती, कागदच अपुरा होता. अधिसूचनेची साक्षांकित प्रत जोडली आणि सात-आठ महिने परत मिळाले.

म्हणून विद्यापीठाने पदवी जाहीर केल्याची अधिसूचना हा तुमचा पहिला कागद. ती हातात पडली की त्याच आठवड्यात प्राचार्यांना पत्र द्या: "सेवापुस्तकात उच्च शैक्षणिक अर्हतेची नोंद घ्यावी." मग आस्थापना विभागात जाऊन सेवापुस्तक उघडायला लावा आणि नोंद स्वतःच्या डोळ्यांनी वाचा. पदवी, विषय, विद्यापीठ, अधिसूचनेचा क्रमांक, दिनांक, खाली प्राचार्यांची सही आणि शिक्का. माझ्या एका सहकाऱ्याच्या नोंदीत सगळं होतं, सही मात्र नव्हती. तो अधिकारी निवृत्त झाल्यावर ती एक सही मिळवायला त्याला किती फेऱ्या माराव्या लागल्या, ते मी जवळून बघितलं आहे.

सेवेत चार वर्षं आधीच झाली असतील आणि पीएच.डी. नंतर मिळाली, समजा चार वर्षं सात महिन्यांनी, तर बाकी अटी पूर्ण असताना तुमची पात्रता त्या दिवसापासून धरतात. सहा वर्षं पूर्ण होण्याची वाट बघू नका.

७. फाइलमध्ये काय काय लावायचं

• नेमणूक आदेश, रुजू अहवाल, विद्यापीठाचं मान्यतापत्र
• पीएच.डी. अधिसूचना, पदवी प्रमाणपत्र, कोर्सवर्कचं प्रमाणपत्र, विनियमांनुसार पदवी झाल्याचं प्रमाणपत्र, ना-हरकत प्रमाणपत्र
• पदव्युत्तर पदवीच्या गुणपत्रिका आणि नेट किंवा सेट प्रमाणपत्र
• उद्बोधन आणि उजळणी वर्गांची प्रमाणपत्रं, त्या काळातल्या कर्तव्यरजेच्या आदेशांसह
• त्या वर्षांचे स्व-मूल्यमापन अहवाल आणि प्रत्येक दाव्याचा पुरावा
• कार्यभाराचं प्रमाणपत्र आणि वैयक्तिक वेळापत्रक
• सेवापुस्तकाची संबंधित पानं आणि सातव्या वेतन आयोगाची वेतननिश्चिती
• सेवेत खंड नसल्याचं प्राचार्यांचं प्रमाणपत्र

नावाचं स्पेलिंग सगळीकडे एक आहे का ते तपासा. लग्नानंतर नाव बदललेल्या भगिनींनी राजपत्राची प्रत आठवणीने लावावी. तासिका तत्त्वावर केलेली सेवा मोजली जाईल या भरवशावर तारीख काढू नका. ती सहसा मोजत नाहीत.

८. अर्ज देय तारखेच्या तीन महिने आधी

विनियमांनुसार देय तारखेच्या, म्हणजे पात्रता पूर्ण होते त्या तारखेच्या, आधीच्या तीन महिन्यांत लेखी अर्ज देता येतो. प्राचार्यांच्या नावे, विहित नमुन्यात, दोन प्रतींत द्या. एका प्रतीवर आवक क्रमांक, दिनांक आणि शिक्का घेऊन ती स्वतःकडे ठेवा. पुढे जे काही होईल त्याचा पाया हीच प्रत आहे.

यातला हक्काचा भाग नीट लक्षात ठेवा. मुदतीत अर्ज केला, छाननीत पात्र ठरलात, तर समितीची बैठक वर्षभराने झाली तरी लाभ मूळ पात्रतेच्या तारखेपासून मिळतो. पहिल्या छाननीत अपात्र ठरून पुढच्या वेळी पात्र झालात तर मात्र तारीख पुढची धरतात. म्हणून घाईघाईत अर्धवट फाइल पुढे ढकलण्यापेक्षा पंधरा दिवस जास्त लावा.

९. समिती, विद्यापीठ, सहसंचालक

स्तर ११ आणि १२ साठी छाननी-मूल्यमापन समिती असते. त्यात प्राचार्य, विभागप्रमुख आणि कुलगुरूंनी नेमलेले विषयतज्ज्ञ असतात. तज्ज्ञांची नावं विद्यापीठाकडून यावी लागतात आणि सगळ्यात जास्त वेळ तिथेच जातो. महाविद्यालयाने नावं मागणारं पत्र पाठवलं का, त्याचा जावक क्रमांक काय, हे विचारत राहा. विचारण्यात कमीपणा काही नाही.

समितीची शिफारस झाल्यावर प्रस्ताव विद्यापीठाच्या मान्यतेकडून विभागीय सहसंचालक, उच्च शिक्षण यांच्या कार्यालयात जातो. तिथे लेखाधिकारी वेतननिश्चिती तपासतात. महाविद्यालयातल्या लेखा विभागाच्या बाबूंशी आदराने वागा. वेतनाचा तक्ता तेच तयार करतात आणि चौकट एक वरखाली झाली तरी फाइल परत येते. तक्ता पाठवण्याआधी शेजारी बसून, वर दाखवलेल्या पद्धतीने, स्वतः पडताळून घ्या. वेतननिश्चिती पदोन्नतीच्या तारखेपासून घ्यायची की पुढच्या वेतनवाढीच्या तारखेपासून, हा विकल्पही दोन्ही हिशेब मांडून मगच लेखी द्या.

१०. अडलं तर

आधी स्मरणपत्र, एका महिन्याने दुसरं. दोन्हींवर पोच हवीच. तरी हालचाल नसेल तर माहितीच्या अधिकारात अर्ज करा. दहा रुपयांचा अर्ज, उत्तराची मुदत ३० दिवस. "न्याय द्या" असं त्यात लिहू नका. "माझा अमुक दिनांकाचा प्रस्ताव आज कोणत्या टेबलावर आहे, त्यावरील टिपणीची प्रत द्यावी" एवढंच विचारा. बहुतेक फाइली एवढ्यानेच हलतात.

त्यानंतर विद्यापीठाची तक्रार निवारण समिती आहे, आणि शेवटी राज्यघटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालय. न्यायालयात जायची वेळ आली तर उशीर करू नका. सर्वोच्च न्यायालयाच्या २००८ च्या तरसेम सिंग निकालानंतर अशा प्रकरणांत थकबाकी साधारणपणे याचिका दाखल होण्याआधीच्या तीन वर्षांपुरतीच दिली जाते. हक्क मान्य होतो, त्याआधीचे पैसे मात्र बुडतात. आठ-दहा वर्षं नुसती वाट बघत बसलेल्या माणसांचं नुकसान बघून फार वाईट वाटतं, कारण त्यांच्या पात्रतेत काहीच खोट नव्हती.

११. आदेश आला की

आदेश हातात आल्यावर सेवापुस्तकात स्थाननिश्चितीची नोंद, नवा स्तर, नवं मूळ वेतन आणि पुढच्या वेतनवाढीची तारीख लिहिली आहे का ते बघा. सेवार्थ या शासनाच्या ऑनलाइन पगार प्रणालीत स्तर बदलला का, हे पुढच्या पगाराच्या चिठ्ठीवरून कळेल. थकबाकीचं देयक वेगळं सादर करावं लागतं, ते आपोआप निघत नाही. थकबाकी एकदम आली की त्या वर्षीचा आयकर फुगतो. मागच्या वर्षांत रक्कम विभागून सवलत घेता येते, पण त्याचा फॉर्म विवरणपत्राच्या आधी भरावा लागतो.

आणि त्याच दिवशी नव्या फाइलच्या मुखपृष्ठावर पुढची तारीख घाला. स्तर ११ वर पाच वर्षं कधी पूर्ण होतात ती, आणि तिच्या तीन महिने आधीची अर्जाची. मी माझ्या फाइलवर ती लाल पेनाने लिहिली होती. स्तर १२ चा अर्ज मी त्याच आठवड्यात दिला.